त्यांचा वारसा गादीचा, आमचा झाडूचा



१६ जानेवारी २०२६. मुंबई महानगरपालिकेचा निकाल लागला. त्या रात्री गल्लीगल्लीत गुलाल उडाला, फटाक्यांच्या माळा लागल्या, डीजेपुढं पोरं नाचली. जिंकले ते नाचले आणि जेमतेम वाचले तेही नाचले. दुसऱ्या दिवशी तो गुलाल आणि ते फटाक्यांचे कागद गोळा करायला कोण उतरलं? हजेरीच्या चौकीवर मुकादमापुढं उभं राहून ज्या बाया-बापे झाडू घेऊन निघाले त्यांचं आडनाव विचारा. वस्ती विचारा. घरातल्या भिंतीवर कुणाचा फोटो आहे ते विचारा. नका विचारू. तुम्हाला ठाऊक आहे. तुमच्याच घरातलं कुणीतरी त्यात असेल. माझ्या घरातलं आहे.

आता आकडे बघा. पालिकेच्या जागा २२७. भाजप ८९. उद्धव ठाकऱ्यांची सेना ६५. शिंद्यांची सेना २९. काँग्रेस २४. एमआयएम ८. मनसे ६. राष्ट्रवादीचे दोन्ही गट मिळून ४. समाजवादी २. बेरीज करा. २२७ भरली. आता ह्या बेरजेत रिपब्लिकन शोधा. वंचित शोधा. निळा झेंडा शोधा. काँग्रेसने वंचितला ६२ जागा सोडल्या होत्या. हाती आलं शून्य.

कुणी म्हणेल, अनुसूचित जातीला १५ वॉर्ड राखीव होते, म्हणजे आपली पंधरा माणसं सभागृहात बसलीच की. बसली. पण पंधराच्या पंधरा दुसऱ्याच्या एबी फॉर्मवर बसली. ज्याने फॉर्म दिला त्याचं चिन्ह, त्याचा जाहीरनामा, त्याचा व्हिप. वस्तीने त्यांना निवडलं म्हणायचं, पण वस्तीपुढं पत्रिका यायच्या आधीच त्यांची निवड झाली होती, आणि ती बंगल्यावर झाली होती. १९३२ च्या पुणे कराराने बाबासाहेबांच्या हातून काय हिसकावलं होतं ते आठवा. राखीव जागा दिल्या, पण आपला माणूस आपण निवडायचा हक्क काढून घेतला. नव्वद वर्षं उलटली. तोच करार आज प्रभागाप्रभागात नव्याने सही होतो. सही करायला आता उपोषणाची गरज पडत नाही. आपणच पेन घेऊन रांगेत उभे असतो.

आता घराण्याबद्दल बोलू. कारण ही मुंबई एका घराण्याची आहे असं आपल्याला तीन पिढ्या सांगितलं गेलं आणि आपणही ते मान्य करून बसलो.

१९ जून १९६६ ला शिवसेना निघाली. १९६८ ला पालिकेच्या पहिल्याच निवडणुकीत तिचे ४२ नगरसेवक आले. १९८५ ला पालिका तिच्या हाती गेली. १९९२ ला काँग्रेसने ती हिसकावली. १९९७ ला सेनेने परत घेतली ती मार्च २०२२ ला मुदत संपेपर्यंत सोडली नाही. लागोपाठ पंचवीस वर्षं. आणि गंमत बघा, ज्या घराण्याच्या शब्दावर महापौर बसत होता आणि उठत होता, त्या घराण्यातला एकही माणूस २०१९ पर्यंत कुठल्याच निवडणुकीला उभा राहिला नाही. मत मागायचं दुसऱ्याने, हरायचं दुसऱ्याने. किल्ली मात्र घरात. २०१९ ला नातू उभा राहिला तो वरळीतून.

वरळी. हे नाव वाचताना तुमच्या डोक्यात काही हललं पाहिजे. ५ जानेवारी १९७४ ला पँथरची सभा ह्याच वरळीत होती. मध्य मुंबईच्या पोटनिवडणुकीवर पँथरने बहिष्कार पुकारला होता. सेना काँग्रेसच्या उमेदवारामागं उभी होती. सभेवर दगड आले, मग पोलिसांच्या लाठ्या आल्या, मग बीडीडीच्या चाळीचाळीत दंगल पेटली. १० जानेवारीच्या मोर्चावर वरून पाटा टाकला गेला आणि भागवत जाधव गेला. आपला पहिला शहीद. त्याची मायबोली कोणती होती? मराठीच. जन्मला मराठीत, ओरडला मराठीत. मराठी माणसाच्या नावाने जी गादी उभी राहिली तिच्या हिशोबात तो मराठी माणूस नव्हता.

पुढचं तुम्हाला पाठ आहे. विद्यापीठाच्या नामांतराला सेनेने विरोध केला. १९८७-८८ ला 'रिडल्स'वरून मोर्चे काढले. आपला मोर्चा हुतात्मा चौकातून गेला तर तो चौक शुद्ध करून घेतला. ज्या चौकात संयुक्त महाराष्ट्रासाठी मेलेल्यांची आठवण आहे तो चौक आपल्या पायांनी बाटला! आणि ११ जुलै १९९७, घाटकोपरची रमाबाई नगर. बाबासाहेबांच्या पुतळ्याची विटंबना झाली म्हणून लोक रस्त्यावर आले आणि राखीव पोलिसांच्या गोळ्यांनी दहा जण मेले. राज्य तेव्हा सेना-भाजपचं होतं.

आणि ह्या घराण्याचे मूळ पुरुष कोण? प्रबोधनकार. देवळांवर, भटशाहीवर, हुंड्यावर ज्यांनी आसूड ओढले ते केशव सीताराम ठाकरे. आजोबांची पुस्तकं कपाटात आणि आजोबांचं नाव भाषणात. कपाट उघडायची वेळ आली की किल्ली हरवते. फक्त मतं कमी पडायला लागली की किल्ली सापडते. मग आपल्याला बोलावणं येतं.

एवढं सगळं तुम्हाला माहीत आहे. मी जे सांगायला बसलोय ते वेगळं आहे.

ह्या पालिकेत एक घराणं नाही. दोन घराणी आहेत.

एक गादीवरचं. आजोबा, बाप, मुलगा, पुतण्या, नातू. दुसरं झाडूवरचं. तिथंही आजोबा, बाप, मुलगा, सून, नातू. पहिल्याला वारसा रक्ताने मिळतो. दुसऱ्यालाही रक्तानेच मिळतो, वर सरकारी कागदाने मिळतो. लाड-पागे समितीच्या शिफारशी तुम्ही ऐकल्या असतील. सफाई कामगार निवृत्त झाला, मेला, की त्याच्या वारसाला नोकरी. आपण त्यासाठी लढतो, मोर्चे काढतो, कारण कायम नोकरी म्हणून दुसरं काही हातात नाही. मीही त्या मोर्चात चाललोय. पण चालताना एक गोष्ट घशात अडकते. बारावी झालेला, बीए झालेला पोरगा बापाच्या जागी लागतो तेव्हा त्याच्या हातात काय देतात? फाईल देतात का? झाडूच देतात. आणि नोकरी सोडावी तर घर जातं, कारण कामगार वसाहतीतली खोली नोकरीला बांधलेली. तीन पिढ्या त्या दहा बाय दहात जन्मल्या, त्या खोलीवर त्यांचं नाव नाही. पोरगा झाडू घेत नसेल तर निवृत्तीनंतर खोली खाली करा.

ह्याला आपल्या गावाकडं काय म्हणायचे? वतन म्हणायचे. महारवतन. पिढीजात काम, पिढीजात भाकरी, आणि कामाबरोबर राहायची जागा. येसकराची पाळी बापानंतर पोराकडं. बाबासाहेबांनी १९२८ ला मुंबई कौन्सिलात वतनाविरुद्ध बिल आणलं तेव्हा आपल्यातलेच लोक रडले होते की हक्काची भाकरी जाते. बाबासाहेब म्हणत होते ते थोडक्यात असं: ही भाकरी तुमच्या हक्काची नाही, तुमच्या गुलामीची किंमत आहे. पुढं कायद्याने वतनं गेली. गाव सोडून आपण मुंबईला आलो. आणि इथं पालिकेने पुन्हा वतन दिलं.

हे झालं कायम कामगाराचं. त्याच्या खाली आणखी एक पायरी आहे. झोपडपट्टीतला कचरा उचलणाऱ्याला पालिकेने कामगार म्हटलंच नाही. 'स्वयंसेवक' म्हटलं. पगार नाही, मानधन. योजनेचं नाव काय ठेवलं? स्वच्छ मुंबई प्रबोधन अभियान. प्रबोधन! आजोबांच्या शब्दाला सुद्धा सोडलं नाही. कंत्राटाची तऱ्हा अशी की एकेका कंत्राटात वीसपेक्षा कमी माणसं दाखवायची, म्हणजे कंत्राटी कामगारांचा १९७० चा कायदा लागूच होऊ नये. २७०० कंत्राटी सफाई कामगार आपल्या युनियनमार्फत कोर्टाच्या पायऱ्या झिजवत राहिले. एप्रिल २०१७ ला सुप्रीम कोर्टाने त्यांच्या बाजूने निकाल दिला, कायम करा म्हणून. त्यानंतरही नावातल्या अक्षरांच्या फरकावरून कितीजणांना लटकवून ठेवलं. माझी मावशी म्हणायची, 'कचरा उचलताना माझं नाव कुणी विचारलं न्हाई. पगाराच्या टायमाला बरं नाव चुकलं.'

आता सांगा, कामगारांशी कोर्टात कोण भांडत होतं? पालिका. आणि पालिकेत बसलं कोण होतं? तीच पंचवीस वर्षं, तीच सत्ता. मराठी माणसाची सत्ता. त्या २७०० जणांत मराठी माणसं नव्हती का?

इथं आपले नेते काय करत होते हा प्रश्न येतो. तो टाळता येणार नाही.

२०११ ला रामदास आठवले सेना-भाजपबरोबर गेले. शिवशक्ती-भीमशक्ती. २०१२ च्या पालिका निवडणुकीत वाटणी अशी झाली: सेनेला १३५, भाजपला ६३, रिपब्लिकनला २९. निवडून आला एक. सेनेचे ७५ आले. आपली मतं त्यांच्या पेटीत गेली, त्यांची मतं आपल्या पेटीत आली नाहीत. जानेवारी २०२३ ला प्रकाश आंबेडकर आणि उद्धव ठाकरे एकत्र बसले. पुन्हा शिवशक्ती-भीमशक्ती. २०२४ च्या लोकसभेपर्यंत सुद्धा ते टिकलं नाही. जुलै २०२५ ला आनंदराज आंबेडकर शिंद्यांच्या सेनेबरोबर गेले. तिसऱ्यांदा तेच.

तीन वेळा व्यासपीठ सजलं, तीन वेळा हात वर झाले. त्यातल्या एका तरी वेळी, मी विचारतो, एका तरी वेळी युतीच्या पत्रकार परिषदेत कंत्राटी सफाई कामगारांना कायम करण्याची तारीख मागितली गेली होती का? कामगार वसाहतीतली खोली कामगाराच्या नावावर करा ही अट होती का? आपल्याला मोजून जागा सांगितल्या गेल्या. अमुक जागा, तमुक महामंडळ. गावात सुगीला खळ्यावर पाटलाने मोजून बलुतं टाकावं तसं. आणि आपण पदर पसरला.

ही येसकरकी आहे दोस्तांनो. वेशीवर उभं राहायचं, वाड्याची राखण करायची, हाक आली की जोहार घालायचा, आणि संध्याकाळी टोपल्यात जे पडेल ते घरी आणायचं. गावातली सोडली. पालिकेतली कधी सोडणार?

कुणी २०१४ चा दाखला देतं. त्या साली मुंबईचं महापौरपद अनुसूचित जातीच्या महिलेसाठी राखीव आलं आणि स्नेहल आंबेकर महापौर झाल्या. झाल्या, आणि त्याचा आनंद मलाही झाला होता. आमच्या चाळीतल्या बायकांनी पेपरातला फोटो कापून ठेवला होता. पण जरा १८८८ चा मुंबई महानगरपालिका कायदा उघडून बघा. महापौराच्या हातात काय आहे? सभा चालवायची, पाहुण्यांना हार घालायचे. कारभार कमिशनरचा, तो सरकार नेमतं. पैशाची किल्ली स्थायी समितीची. रस्त्याचं, नाल्याचं, कचऱ्याचं मोठं कंत्राट तिथून जातं. २०२५-२६ सालचा ह्या पालिकेचा अर्थसंकल्प ७४,४२७ कोटींचा होता. कित्येक राज्यांना हेवा वाटावा एवढा. ह्या तिजोरीपुढं महापौराची खुर्ची म्हणजे देव्हाऱ्यातला नारळ. सोडत काढून नारळ आपल्याला देतात. तिजोरीची सोडत कधी निघत नाही.

मग तरुण कार्यकर्ते मला विचारतात, आणि तळमळून विचारतात: 'आता घराणं पडलंय, समोर भाजप आहे, दिल्ली आहे, पैसा आहे. अशा वेळी ठाकऱ्यांवर टीका करून तुम्ही कुणाचा फायदा करता?'

प्रश्न खरा आहे. मी उडवून लावत नाही. मार्च २०२२ पासून जवळजवळ चार वर्षं पालिकेत एकही नगरसेवक नव्हता, प्रशासकाचं राज्य होतं. त्या चार वर्षांत आपल्या वस्तीचं काम घराण्याने अडवलं असं म्हणता येत नाही. कंत्राटं तशीच निघाली, झाडू तसाच राहिला. म्हणजे घराणं गेलं की वतन जातं असं नाही. वाडा तोच, पाटील बदलला. म्हणूनच १६ जानेवारीच्या रात्री घराणं हरलं म्हणून नाचणाऱ्यालाही माझं सांगणं आहे की तुझ्या आईच्या हातातला झाडू हरलेला नाही. आणि दोघे भाऊ वीस वर्षांनी एकत्र आले म्हणून ज्याच्या डोळ्यांत पाणी आलं त्यालाही सांगणं आहे. त्यांच्या घरातली भाऊबंदकी मिटली ती त्यांच्या घरातली गोष्ट. तिचा हिशोब आपल्या वस्तीत का मांडायचा?

कुणाला अडवायचं असेल तर जरूर अडवा. त्यासाठी कुणाबरोबर उभं राहावं लागलं तर राहा. बाबासाहेबांनीही निवडणुकीत समझोते केले. पण ते अटी लिहून समोरच्याच्या टेबलावर ठेवत. आपण टेबलाखाली बसतो.

आणखी एक गोष्ट. ती लिहिताना हात जड होतो, पण लिहिली नाही तर हे पान कशाला काढायचं?

घराणेशाहीवर आपण बोलतो तेव्हा फक्त त्यांच्या घराण्यावर बोलतो. आपल्यात काय चाललंय? बाबासाहेबांचं आडनाव दिसलं की आपण प्रश्न विचारायचं बंद करतो. ज्याच्या मागं ते आडनाव नाही तो नेता पक्षाचे तुकडे करून आपला तुकडा आपल्या घरात ठेवतो. रिपब्लिकन पक्षाच्या नावापुढं कंसात माणसाचं नाव लिहावं लागतं, ही काय लाज नाही? २५ नोव्हेंबर १९४९ ला घटना समितीत बाबासाहेबांनी राजकारणातल्या भक्तीबद्दल धोक्याचा इशारा दिला होता. धर्मात भक्ती माणसाला मुक्तीकडं नेत असेल, राजकारणात ती हुकूमशाहीकडं नेते, असा त्याचा अर्थ होता. तो इशारा त्यांनी फक्त दुसऱ्यांसाठी दिला नव्हता. ज्याचं नाव घेऊन आपण व्यक्तिपूजा फोडायला निघालो त्याच्याच नावाने आपण देव्हारे मांडले. मातोश्रीच्या दारातली रांग आपल्याला दिसते. आपल्या नेत्यांच्या दारातली रांग आपल्याला चळवळ वाटते.

तर काय करायचं? भाषण ठोकून घरी जायचं नाही. मला सुचतं ते मांडतो. पटलं तर करा, नाही पटलं तर भांडा, पण गप्प बसू नका.

पहिलं. ज्या वॉर्डात आपली वस्ती आहे तिथं उमेदवार वस्तीच्या सभेने ठरवायचा. बुद्धविहारात सभा घ्या, बाया पुढं बसवा, नाव पुकारा, हात मोजा. पक्षाला हवा असेल तर त्याने त्या माणसाला एबी फॉर्म द्यावा. नको असेल तर तो पक्ष आपल्याला नको. पहिल्या वेळी पडू. पडू द्या. २०२६ ला युती करून काय मोठे दिवे लावले?

दुसरं. कुणाशी युती करायची तर अटींचा कागद आधी वस्तीत वाचून दाखवायचा. त्यावर जागांचा आकडा शेवटी. आधी चार गोष्टी: कंत्राटी आणि 'स्वयंसेवक' सफाई कामगार कायम कधी, कामगार वसाहतीतली घरं कामगाराच्या नावावर कधी, गटारात माणूस उतरवणाऱ्या ठेकेदारावर २०१३ च्या कायद्याने गुन्हा दाखल होणार की नाही, आणि स्थायी समितीत आपला माणूस किती. महापौरपदाचा नारळ त्यांनी ठेवून घ्यावा.

तिसरं. शिकलेल्या पोरांनी पालिकेचा अर्थसंकल्प वाचायला शिकायचं. कविता आपण लिहितोच, लिहीत राहू. पण एका वॉर्ड ऑफिसात एका वर्षात आपल्या वस्तीच्या नावावर किती पैसे पडले, कुठल्या ठेकेदाराने उचलले, संडास कुठं बांधला, हे जो पोरगा माहितीच्या अधिकारात मागवून वस्तीच्या फळ्यावर लिहील तो दहा भाषणांचं काम करील. फळा विहाराच्या दारातच टांगा.

चौथं. निवडून गेलेल्या आपल्या पंधरांना शत्रू समजू नका, पण मोकळंही सोडू नका. ते कुणाच्याही चिन्हावर गेले असोत, राखीव जागा बाबासाहेबांच्या लढ्यातून आली आहे. दर सहा महिन्यांनी त्यांना वस्तीत बोलवा. खुर्ची द्या, पाणी द्या आणि विचारा: सभागृहात तुम्ही किती वेळा तोंड उघडलं? आला नाही तर रिकामी खुर्ची मांडून सभा घ्या. त्या खुर्चीवर त्याचं नाव लिहा.

पाचवं, आणि शेवटचं. वारसा हक्काचा मोर्चा थांबवायचा नाही, कारण पोट आहे. पण त्या मोर्चात एक नवी घोषणा घालायची: वारसाला नोकरी द्या, झाडूच का देता? पोरगा शिकला असेल तर त्याच्या शिक्षणाप्रमाणं जागा द्या. क्लार्क करा, इंजिनियर करा, वॉर्ड ऑफिसात बसवा. बापाच्या मरणावर मिळालेली नोकरी पोराला बापाच्याच खड्ड्यात उतरवत असेल तर त्याला हक्क म्हणताना जरा थांबून विचार करा.

माझी आई ह्या पालिकेच्या रस्त्यावर एकतीस वर्षं झाडू मारून निवृत्त झाली. परवा निकालाच्या दुसऱ्या दिवशी गॅलरीत बसून तिने खालचा रस्ता बघितला. गुलालाने लाल झालेला. म्हणाली, 'गुलाल लई वाईट. पाणी मारल्याबिगर निघत न्हाई. आन पाणी मारायला कुणी देत न्हाई.'

कोण जिंकलं ते तिने विचारलं नाही.

ती विचारील असं काहीतरी आपल्याला करायचं आहे. पुढची निवडणूक येईल तेव्हा बंगल्यावरून निरोप येईल, गाडी येईल, शालही येईल. त्या वेळी तुमच्या खिशात वस्तीने वाचलेला कागद असला पाहिजे. नसेल तर गाडीत बसू नका.

जय भीम.